आक्काचं बोलावणं

आक्कानं दार उघडलं आणि मला बघून ती दाराची कडी हातात धरूनच उभी राहिली.

"सर्जा?" ती म्हणाली. "तू हितं?"

आता बोलावणाऱ्या माणसानं पाहुण्याला असं विचारायचं असतं का? पण कऱ्हाडहून सांगली आणि सांगलीहून कुरुंदवाड असा एसटीत बसून आलो होतो, इस्त्रीच्या शर्टाचं पार पोतेरं झालं होतं, आणि दारातच वाद घालायला काही मी आलो नव्हतो. बायकोनं आक्कासाठी दिलेली साडी ज्या पिशवीत होती ती पिशवी मी पुढे केली.

"मीच आहे. आत घेणार आहेस, का इथनंच परत जाऊ?"

त्याबरोबर तिचा बांध फुटला. माझं मनगट धरून तिनं मला ओढतच सोप्यात नेलं, खुर्चीवर बसवलं आणि पदरानं डोळे पुसत म्हणाली, "आपणहून आलास रे! मला ठावं हुतं. मी ह्यास्नी म्हणत हुते, माझा भाऊ एक दिवस आपणहून येणार म्हणून."

आपणहून? मी चपापलो. आपणहून कुठला? हीच तर पंधरा दिवस मला सारखी बोलावत होती.

ह्या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. तेव्हा मी एसटीच्या कंट्रोलरच्या नोकरीतून नुकताच निवृत्त झालो होतो. आक्का माझी थोरली बहीण. आई लवकर गेली, त्यामुळे मला न्हाऊमाखू घालण्यापासून शाळेत पोचवण्यापर्यंत सगळं तिनंच केलेलं. कुरुंदवाडच्या रंगराव जाधवांशी तिचं लग्न झालं. दाजी शाळेत चित्रकला शिकवायचे. त्यांना एकच मुलगी, राजश्री. तिच्या लग्नावरून आमचं बिनसलं होतं.

लग्नाची पत्रिका मला कुरिअरनं आली. मी मुलीचा सख्खा मामा! तिला हात धरून बोहल्यावर आणायचं, अंतरपाटामागं तिच्या पाठीशी उभं राहायचं, तो मान माझा. आमच्यात मामाला बोलवायला घरचा माणूस येतो. कुंकू लावतो, हातावर अक्षता ठेवतो, सहकुटुंब यायचं हं म्हणतो. आणि इथं हेल्मेट घातलेला एक पोरगा येऊन कागदावर माझी सही घेऊन गेला. दाजींनी फोनवर सांगितलं की लग्न घाईत ठरलंय, घरात धावपळ करायला मी एकटाच, समजून घ्या. मी समजून घेतलं नाही. "मामाला कुरिअरनं बोलावतात होय?" असं म्हणून फोन ठेवला आणि लग्नाला गेलो नाही. घरातल्या कुणाला जाऊ दिलं नाही. आक्काच्या शेजारच्या चौगुले सरांना मामा म्हणून उभं केलं, असं मागाहून कानावर आलं. पुढे सहा वर्षं ना त्यांचा फोन, ना माझा.

मग पुण्याहून आमचा अजित आला आणि त्यानं स्वतःचा जुना मोबाइल मला दिला. फेसबुक उघडून दिलं, सगळे नातेवाईक त्यात जोडून दिले. "बाबा, नुसतं बघायचं," तो बजावून गेला. "भलतंसलतं काही दाबू नका." मी शिस्तीचा माणूस. रोज चहा झाला की चष्मा लावून नुसता बघायचो.

एक दिवस त्यावर आक्काचा फोटो आला. पुढे इंग्रजीत लिहिलेलं. माझं इंग्रजी कामापुरतंच, पण विजयमाला जाधव हे नाव वाचता आलं आणि इन्व्हिटेशन म्हणजे आमंत्रण हेही कळलं.

"शालन," मी बायकोला हाक मारली. "आक्कानं आमंत्रण पाठवलंय."

ती हात पुसत आली. "मग जा की!"

"लगेच? एकदा बोलावलं की धावायचं?"

दोन दिवसांनी पुन्हा आलं. मी शालनला दाखवलं नाही, पण मिशीतल्या मिशीत हसलो. मग येतच राहिलं. कधी सकाळी, कधी दुपारी, एकदा तर एकाच दिवसात तीनदा. आक्का अगदी काकुळतीला आली आहे असं मला वाटलं. फोन का करत नाही, तर तोंड नसेल तिला, असं मीच ठरवलं. मला त्या दिवसांत किती बरं वाटत होतं ते आता सांगायलाही लाज वाटते. बाजारात जाताना मी ताठ चालायचो.

शेवटी शालनच म्हणाली, "अहो, एवढी बोलावतायत म्हणजे तब्येतीचं तर काही नसेल ना?"

तेव्हा कुठे मी पिशवी भरली आणि दुसऱ्या दिवशी सकाळची गाडी धरली.

आणि आता आक्का म्हणत होती, आपणहून आलास.

मी सोप्यात बसून विचार केला आणि मला उलगडा झाला. आक्कानं दाजींना न सांगता मला बोलावलं असणार. नवऱ्यापुढे ते उघड व्हायला नको म्हणून हे नाटक. बरं, तर मग आपणही नाटकात काम करू. बहिणीची अब्रू राखायची म्हणजे राखायची.

तेवढ्यात आतून दाजी आले. वाळले होते बरेच. मला बघून त्यांनी घाईघाईनं खुंटीवरची टोपी घेऊन डोक्यावर ठेवली.

"या या, पाव्हणं," ते म्हणाले. "कधी आलासा?"

"आत्ताच," मी म्हणालो, आणि मग आक्काकडे बघत मोठ्या आवाजात म्हणालो, "म्हटलं, आपणहूनच जावं. आमचं काही अडत नाही दाजी. आम्हाला बोलावणं लागत नाही. पत्रिका नको, माणूस नको, कुरिअर तर नकोच नको. मनात आलं, निघालो. मोठेपणा कुणीतरी घ्यायला लागतो."

दाजींची मान खाली गेली. फरशीकडे बघत ते हळूच म्हणाले, "खरं हाय तुमचं."

मला समाधान वाटलं. सहा वर्षं साठवलेलं वाक्य होतं ते, नेमकं जागी जाऊन बसलं. आक्का तर माझ्याकडे अशी बघत होती की जणू मी गड जिंकून आलोय. तिनं दाजींना मटण आणायला पिटाळलं, मला विचारलं, "आजचा वार चालतोय न्हवं तुला?" आणि मग मागच्या दारातून शेजारणीला ओरडून सांगितलं, "चौगुले वहिनी, माझा भाऊ आलाय! आपणहून!" मग फोनवर कुणाला तरी तेच सांगितलं. मग आणखी कुणाला तरी. कांदा चिरताना, वाटण वाटताना तिचं तेच चाललेलं.

मी म्हटलं, किती बेमालूम करतेय नाटक.

स्वयंपाक होत आला तेव्हा राजश्री आली. बाळाला डोस पाजायला दवाखान्यात गेली होती. माहेरपणाला आलीय हे मला ठाऊक नव्हतं, आणि तिला मूल झालंय हेही मला तिथंच कळलं. लग्नाआधी मी आलो की ही पोरगी माझ्या खिशात हात घालायची. आता दारात थबकली, बाळाला आईकडे दिलं, येऊन वाकून नमस्कार केला आणि म्हणाली, "बरे आहात ना?"

"राजी, केवढी मोठी झालीस गं!"

"हो," ती म्हणाली आणि आत गेली.

जेवायला बसलो. मी, दाजी आणि राजश्री. आक्का वाढत होती. तांबडा रस्सा असा झाला होता की मी दुसरी वाटी मागितली. घरात सगळं पूर्वीसारखं वाटायला लागलं होतं. तेवढ्यात आक्काचा मोबाइल वाजला. तिनं बघितलं आणि कपाळाला हात लावला.

"राजी, तुझी सासू."

"घे की मग."

"न्हाई बाई. परत तेच बोलणार त्या. काल म्हणाल्या, विहीणबाई, रोज रोज कसली आमंत्रणं धाडताय? राजी, हे बंद कर गं काहीतरी. लाज आणलीया ह्यानं."

माझा हात भाकरीवरच थांबला.

दाजी हसायला लागले. "घरात बसून ही सगळ्या मुलखाला आवतण देतीया, पाव्हणं. शाळेचं हेडमास्तर, दूधवाला, राजीच्या सासरची झाडून सगळी. परवा गॅसवाला विचारत हुता, काकू, कार्य कुठलं काढलंय?"

"कसली आमंत्रणं?" मी विचारलं.

"गेम आहे मामा," राजश्री म्हणाली. "मीच आईला लावून दिला, वेळ जावा म्हणून. त्यात शेती करायची. पाणी संपलं की तो विचारतो, ओळखीच्या लोकांना खेळायला बोलावू का? बोलावलं की पाणी फुकट मिळतं. आई दरवेळी हो म्हणते."

"मला काय म्हाईत सगळ्यांस्नी जातंय म्हणून!" आक्का म्हणाली. "माझी वांगी वाळाया लागली की मी दाबत हुते."

"सगळ्यांना जातं?" मी म्हणालो.

"यादीत जो असेल त्या सगळ्यांना."

माझ्या हातातला घास हातातच राहिला. तोंडात नेता येईना आणि खालीही ठेवता येईना. आक्का नाटक करत नव्हती. तिनं मला बोलावलंच नव्हतं. तिच्या वांग्यांना पाणी पाहिजे होतं, आणि गॅसवाल्याबरोबर मलाही आवतण गेलं होतं. गॅसवाल्यानं निदान विचारलं तरी. आणि मी? मी साडी घेऊन आलो होतो. वर दाजींना ऐकवलं होतं, आम्हाला बोलावणं लागत नाही.

मी वर बघितलं तर राजश्री माझ्याकडे बघत होती.

"रस्सा तिखट झालाय व्हय?" आक्कानं विचारलं.

"थोडा," मी म्हणालो आणि पाणी प्यायलो.

जेवण झाल्यावर आक्का मागं भांड्यांकडे गेली, दाजी जरा आडवे झाले. राजश्री बाळाला मांडीवर घेऊन सोप्यात आईचा मोबाइल बघत बसली होती. मी खिडकीजवळ उभा होतो, आता कुठलं निमित्त काढून निघावं हा विचार करत.

"आईच्या फोनवरचा गेम काढून टाकला," ती म्हणाली. "आता तुमचा फोन द्या."

"माझा कशाला?"

"असे खूप गेम असतात. आई परत कुठला तरी लावणार. तुमच्याकडेही बंद केलेलं बरं. येत असतील ना तुम्हाला?"

"असेल एखाददुसरं," मी म्हणालो. "मी कुठं बघतो."

तिनं हात पुढे केलेलाच होता. फोन द्यावा लागला. ती बोटानं सरकवत गेली. मला तिथून दिसत होतं. आक्काचा फोटो, त्याखाली आक्काचा फोटो, त्याखाली पुन्हा आक्का. मधे दुसरं कुणीच नव्हतं. मला दुसरं कुणी काही पाठवत नव्हतं.

"एवढी आली, सगळी बघितलीत," ती म्हणाली, "आणि एकदाही उघडलं नाहीत काय आहे ते?"

"अजित म्हणाला होता, काही दाबू नका."

ती हसली नाही. हसली असती तर बरं झालं असतं.

"म्हणून आलात," ती म्हणाली.

साठीचा माणूस मी, भाचीपुढे शाळेतल्या पोरासारखा उभा होतो.

"लग्नात आई मांडवाच्या दारातून हलत नव्हती," ती बाळाला थोपटत हळू आवाजात म्हणाली. "भटजी म्हणत होते, मामांना बोलवा, मुहूर्त चाललाय. आई म्हणायची, येईल, तो आपणहून येईल, जरा थांबा. शेवटी बाबांनी चौगुले सरांना हाताला धरून आणलं. चांगले आहेत हो ते. पण मंगलाष्टकं चालू असताना माझ्या खांद्यावर त्यांचा हात होता, आणि मला सारखं वाटत होतं की वळून बघावं, कदाचित तो हात बदलला असेल."

"राजी, माझं..."

"आईला सांगू नका," ती म्हणाली. "निम्म्या गावाला सांगून झालंय तिचं. तिच्या लेखी तुम्ही आपणहून आलात. राहू दे."

मला तेच नको होतं. चोरीचा माल अंगावर घालून मिरवायला सांगितल्यासारखं वाटलं. पण ती काही माझी समजूत घालत नव्हती. ती आईचं बघत होती.

तिनं फोनमध्ये कुठल्या कुठल्या खिडक्या उघडल्या आणि फोन माझ्यापुढे धरला.

"हा विचारतोय, विजयमाला जाधव यांच्याकडून येणारी सगळी आमंत्रणं बंद करायची का? हो म्हणा."

"तूच दाब की."

"फोन तुमचा आहे मामा."

मी दाबलं. जन्मात पहिल्यांदा त्या फोनवर काही दाबलं ते एवढंच.

"आता काही येणार नाही," ती म्हणाली, आणि रडायला लागलेल्या बाळाला घेऊन आत गेली.

चार वाजता मी निघालो. राहा की म्हणून आक्कानं किती आग्रह केला! माझ्या पिशवीत तिनं चटणी, सांडगे, बासुंदीचा डबा असं काय काय कोंबलं. शेजारच्या चौगुले वहिनी मुद्दाम मला बघायला आल्या होत्या. "ह्यो माझा भाऊ. आपणहून आलाय," आक्का म्हणाली, आणि मी बहिरेपणाचं सोंग घेऊन चपला घालत बसलो.

दाजी मला स्टँडवर पोचवायला आले. गाडीला वेळ होता. आम्ही बाकड्यावर बसलो. ते टोपी काढून पुन्हा घालत होते.

"पाव्हणं," ते शेवटी म्हणाले, "राजीच्या लग्नाचं... मी यायला पायजे हुतं. सकाळची एक गाडी धरली असती तर येऊन गेलो असतो. जमत न्हवतं असं न्हाई. दमलो हुतो, एवढंच. माझं चुकलं."

सहा वर्षं मी ह्याच वाक्याची वाट बघितली होती. मनात कितीदा त्यांच्या तोंडून वदवून घेतलं होतं. आणि आता ते समोर आलं तर मला ते कुठं ठेवू असं झालं.

"दाजी, थांबा," मी म्हणालो. "मी आपणहून आलो नाही. मला ते खेळाचं आमंत्रण आलं होतं. मला वाटलं, आक्कानं बोलावलं. सकाळी मी तुम्हाला जे बोललो..."

"कळलं मला जेवताना," दाजी म्हणाले. "घास हातातच राहिला तुमचा."

"माहीत होतं? मग माझी माफी कशाला मागता?"

त्यांनी टोपी पुन्हा डोक्यावर घातली.

"तुमास्नी वळखतो मी," ते म्हणाले. "लाजंपायी घरात बसला असता. परत काय तुमी आला नसता. हिला भाऊ एकच हाय."

खरं होतं. बाकड्यावर बसून मी तेच ठरवत होतो, की आता इथं तोंड दाखवायचं नाही.

गाडी लागली. मी चढलो. खिडकीतून म्हणालो, "राजीच्या बाळाचं जावळ कधी काढणार?"

"पुढच्या म्हयन्यात. अजितला मांडीवर घ्यायला लागंल, दुसरा मामा हाय कुठं? मी येतो बोलवायला."

"येऊ नका दाजी. उन्हातान्हाचे कशाला येताय? आम्ही येतो सगळे."

गाडी सुटली.

घरी शालननं विचारलं, "काय झालं? कशाला बोलावलं होतं?" मी तिला सगळं सांगितलं. ती आधी पदर तोंडाला लावून हसली, मग हसायची थांबली आणि आत जाऊन बासुंदीचा डबा रिकामा करत बसली.

पुढच्याच आठवड्यात दाजी दारात उभे. कुरुंदवाडहून दोन गाड्या बदलून आलेले, घामानं टोपीची कड भिजलेली. मी नको नको म्हणत असताना खुर्चीत न बसता त्यांनी आधी खिशातून कागदाच्या दोन पुड्या काढल्या. एकीत कुंकू होतं, दुसरीत अक्षता.

शालन पाणी घेऊन आली होती. "दाजी," ती म्हणाली, "जावळाला कुठं अक्षता देतात?"

"जावळाच्या न्हाईत वहिनी," दाजी म्हणाले. "राजीच्या लग्नाच्या हाईत. द्यायच्या राहिल्या हुत्या."

ते थट्टा करत नव्हते. माझ्यासमोर नीट उभे राहिले, करंगळीशेजारच्या बोटानं माझ्या कपाळाला कुंकू लावलं, माझा उजवा हात धरून सरळ केला, त्यावर अक्षता ठेवल्या आणि म्हणाले, "आमच्या राजश्रीचं लगीन हाय पाव्हणं. सहकुटुंब सहपरिवार यायचं हं."

अशा वेळी पाहुण्यानं "येतो" म्हणायचं असतं. मी मूठ मिटली, मान खाली घातली आणि तसाच उभा राहिलो. तेवढा एक शब्द काही केल्या माझ्या तोंडातून निघाला नाही.